कॅमेरा कासुर्डीवरच

मल्हार कोकरे पहिल्यांदा माझ्यासमोर आला तो भांडायला. आणि खरं सांगते, भांडायचा त्याला पूर्ण हक्क होता… कारण पाचच मिनिटांपूर्वी मी त्याला मारलं होतं.

म्हणजे गेममध्ये हो! लगेच पोलीस नका बोलावू.

यवतच्या एका मंगल कार्यालयात ‘शिरूर-दौंड चषक’ चालू होता, मोबाईलवरच्या गेमचा. चार-चार जणांच्या सोळा टीम एका बेटावर उतरतात, एकमेकांना टिपतात, खेळायची जागा आवळत आवळत येते आणि शेवटी जी टीम उरेल ती जिंकते. एवढं कळलं की बास. बाकीचं माझ्यावर सोडा, कारण ते सांगायचं काम माझंच होतं. खेळाडू आत हॉलमध्ये, पब्लिक बाहेर मांडवात मोठ्या स्क्रीनसमोर, आणि मी दाराशी टेबल टाकून बसलेली. माझ्या एका हातात फोन. त्यावर कुठल्याही खेळाडूच्या खांद्यावरून त्याची मॅच बघता यायची… बोट फिरवलं की कॅमेरा ह्याच्यावरून त्याच्यावर. मी बघेन तेच स्क्रीनवर. दुसऱ्या हातात माईक.

माईक आमच्या घरातलाच म्हणा ना. माझे वडील सावळाराम ढमढेरे, म्हणजे आबा, तीस वर्षं बैलगाड्यांच्या शर्यतींच्या घाटात निवेदन करायचे. तळेगावचे आबा आले म्हटलं की लोक जेवण अर्धं टाकून घाटाकडं निघायचे. दोन वर्षांपूर्वी घशाचं ऑपरेशन झालं आणि आबांचा आवाज कुजबुजण्यापुरता उरला. तेव्हाच मी ठरवलं, हा माईक बाहेर जाऊ द्यायचा नाही. बोलणं मला घरातनं आलं आणि बघणं नोकरीतनं. मी रांजणगावच्या एका कंपनीत क्वालिटीला आहे. दिवसभर दुसऱ्यांनी केलेले पार्ट डोळ्यांखालून घालायचे आणि खोट काढायची.

पण त्या दिवशी खोट माझ्यातच निघाली. त्याचं असं झालं, स्पर्धेचे आयोजक रविराजदादा. दादांनी जन्मभर भरवल्या त्या बैलगाड्यांच्या शर्यती. निवेदन म्हणजे पंचक्रोशीला ऐकू गेलं पाहिजे, एवढंच त्यांना ठाऊक. त्यांनी कार्यालयाच्या चारी कोपऱ्यांना भोंगे बांधले. कुणाच्याच डोक्यात आलं नाही, अगदी माझ्यासुद्धा, की निवेदन बैलांना कळत नाही, पण खेळाडूंना कळतं!

“…आणि हा बघा मंडळी कासुर्डीचा वाघ, मल्हार कोकरे! पडक्या विहिरीच्या मागं, डाव्या अंगाला, दबा धरून बसलाय… आता कुणीतरी येतंय… येतंय… झाऽऽली! भिर्रर्रर्र!”

भिर्रर्र म्हणेपर्यंत तीन टीमनी मिळून विहिरीची डावी बाजू भाजून काढली. कासुर्डी साफ.

दार धाडकन उघडलं. उंच, सावळा, शर्टाच्या बाह्या कोपरापर्यंत दुमडलेल्या. राग आला की माणसं वाईट दिसतात म्हणे. हा दिसत नव्हता… मी जरा जास्तच वेळ तपासून पाहिलं.

“ताई, एक विचारू?” तो म्हणाला. “तुम्ही कुणाच्या टीमला हाय?”

“मी निवेदक आहे. कुणाच्याच नाही.”

“मग माझा पत्ता सगळ्या तालुक्याला का वाटला? पिनकोड तेवढा ऱ्हायला.”

मांडवातली पोरं फिदीफिदी हसली. माझे कान गरम झाले. पण चूक ती चूक. मी माईक बंद केला आणि उभी राहिले.

“माझं चुकलं. लेखी तक्रार करा, खाली मी स्वतः सही करते. फक्त… ताई म्हणू नका.”

“मग काय म्हणू?”

“अपेक्षा.”

भांडायला आलेल्या माणसाला समोरच्यानं चूक कबूल केली की काय करावं कळत नाही. त्यानं दुमडलेली बाही सोडली, परत दुमडली, आणि “बरं” म्हणून निघून गेला.

तक्रार त्यानं केलीच नाही. दुसऱ्या सहा टीमनी केली. संध्याकाळी कार्यालयातच बैठक बसली. “पोरीच्या हातात माईक दिला, दुसरं काय व्हनार!” असं कमिटीतले एक मामा बोलले, आणि ते मला फार लागलं. आबा शेजारीच बसले होते. त्यांना उत्तर द्यायचं होतं, पण आवाज कुठं होता त्यांना?

रविराजदादांनी निकाल दिला. “आजचा डाव धरायचा न्हाई. समद्या सोळा टीम फायनलला, तीन आठवड्यांनी शिरूरला. पोरी, तुला एकच चान्स. तिथं चुकलीस तर माईक दुसऱ्याला. मग परत मागायचा न्हाई, ह्या सालीबी न्हाई आन् पुढंबी न्हाई.”

“चालेल,” मी म्हणाले. “पण चित्र आणि आवाज दोन्ही दोन मिनिटं मागं ठेवायचे. मी आतल्या खोलीत बसून खरं बघणार, पब्लिक दोन मिनिटांनी बघणार. तोवर खेळाडू तिथून हललेला असतो. मग भोंगे लावा किती लावायचेत ते.”

“लाइव्ह म्हंजी लाइव्ह पायजे! पब्लिक शिळं बघंल व्हय?”

“दोन मिनिटांत भाकरीसुद्धा शिळी होत नाही दादा.”

“बरोबर हाय त्यांचं.” मागनं आवाज आला. मल्हार दाराला टेकून उभा होता. “मोठ्या स्पर्धांत असंच करत्यात. मेलो मी, आन् माझी तक्रार न्हाई. मग बाकीच्यांचं काय दुखतंय?”

बैठक उठली. बाहेर हवेत गार वारा आणि जवळच्या गुऱ्हाळाचा गोड, जरासा करपट वास. तो गाडीला किल्ली लावत म्हणाला, “तुम्हाला बघायची प्रॅक्टिस पायजे. मला खोट काढणारं कुणीतरी पायजे. रोज साडेसहाला खेळतो आम्ही. बघत जावा.”

“खोट काढली तर सहन होईल?”

“तुम्ही काढली तर… बघू की.”

मग काय! साडेपाचला कंपनीची बस मला तळेगावात सोडायची. चहा घशाखाली उतरला की मी फोन घेऊन गच्चीवर. यादीत त्याचं नाव हिरवं झालं की शेजारचं ‘बघा’ दाबायचं. त्याच्या स्क्रीनच्या कोपऱ्यात म्हणे एक इवलासा डोळा यायचा आणि शेजारी आकडा, एक. तो एक म्हणजे मी. मॅच संपली की फोन.

“आज कशी झाली?”

“बैलासारखी. सरळ पळत सुटता. उजवीकडं बघतच नाही.”

“उजवीकडं काय असतं?”

“मरण असतं. आज तीनदा तिकडूनच आलं.”

“मग तुम्ही थांबा की उजवीकडं. बघत जाईन… कायम.”

तेवढ्यात गच्चीवर आलेले आबा कुजबुजले, “फोन तापलाय का गं? गाल लाल झाल्यात तुझं.” मी म्हटलं, “व्हय आबा, चायनाचा हाय.”

मल्हार यवतला मोटार रिवाइंडिंगच्या दुकानात कामाला. जळालेल्या मोटारीतली जुनी तार काढून नवी भरायची, एकेक वेढा मोजून. म्हणून त्याची बोटं तशी… सावकाश, नेमकी. पूर्वी त्याचे आजोबा मेंढरं घेऊन कोकणापर्यंत जायचे. आता कासुर्डीला घर, दोन एकर ऊस आणि सोळा मेंढरं, तीसुद्धा आजीच्या हट्टाखातर. हे सगळं मी विचारलं नव्हतं. तो सांगत गेला, आणि मी खोट काढायची विसरत गेले.

विसरले, त्याचा हिशोब सुषमानं मांडला. सुषमा त्याची चुलतबहीण, त्याच्याच टीममधली, जिभेला हाड नसलेली. एका रविवारी यवतच्या गुऱ्हाळावर आम्ही तिघं बसलो होतो. मी केलेल्या निवेदनाच्या सरावाचं रेकॉर्डिंग तिनं फोनवर लावलं, आणि बघता बघता तिच्या भुवया वर गेल्या.

“अपेक्षाताई, मॅच अकरा मिनिटांची. बरं का? त्यातली आठ मिनिटं तुमचा कॅमेरा कासुर्डीवर. आन् आठातली सात मल्हारदादावर. आन् दादा त्यात काय करतोय? झाडामागं बसून पाणी पितोय! तिकडं दोन टीम एकमेकींना फाडत्यात, त्याचा पत्ताच न्हाई कुणाला.”

मी फोन ओढून घेतला. खरंच की! स्क्रीनवर मल्हार पाणी पीत होता, आणि माझा आवाज पाठीमागं कौतुकानं सांगत होता, “शांत डोक्याचा खेळाडू, मंडळी, शांत डोक्याचा…”

अरे देवा! क्वालिटीतली माणूस मी. असा पार्ट दुसऱ्या कुणी पाठवला असता तर मी परत धाडला असता.

सुषमा काकवी आणायच्या निमित्तानं उठली. जाताना तिनं डोळा मारला तो कुणाला, देव जाणे. कढईतून वाफ येत होती. मल्हार उसाच्या कांडक्यानं जमिनीवर रेघा ओढत होता.

“मला काय वाईट न्हाई वाटलं,” तो म्हणाला.

“कशाचं?”

“कॅमेऱ्याचं.” रेघ थांबली. “अपेक्षा… मला तू आवडतेस. यवतला माईक बंद करून तू म्हणालीस ना, माझं चुकलं… तवापासनं. आता तू सांग.”

तू. पहिल्यांदाच तू. उत्तर माझ्या ओठांवर तयार होतं, अगदी काठावर… आणि मी ते गिळलं.

“फायनल झाल्यावर सांगेन.”

“का?”

“कारण आत्ता उत्तर दिलं, कुठलंही दिलं, तर शिरूरला माझं बोट तुझ्यावरून हलायचं नाही. माईक जाईल. मग तुझ्याकडं बघितलं की मला तेवढंच आठवेल. तसं मला तुझ्याकडं बघायचं नाही मल्हार.”

त्यानं रोखून माझ्याकडं बघितलं. मी नजर काढली नाही. एवढ्या एका बाबतीत मी कुणाला हार जात नाही.

“बरं. आन् तवर माझी मॅच?”

“तुझी सोडून सगळ्यांच्या बघणार. पंधरा टीम आहेत.”

“कोपऱ्यातला डोळा जाणार म्हंजी.”

“जाणार.”

“जाऊ दे,” तो म्हणाला, आणि हसला… पण अर्धंच.

पुढचे बारा दिवस मी शब्द पाळला. साडेसहाला त्याचं नाव हिरवं व्हायचं आणि माझा अंगठा त्याच्यावरून पुढं जायचा. सोपं होतं म्हणाल तर खोटं बोलेन. दोनदा मी फोन उशीखाली घालून खाली भाकऱ्या थापायला गेले, एवढं अवघड होतं. पण त्या बारा दिवसांत मी बघायला शिकले. गोळी कोण मारतोय हे सगळ्यांनाच दिसतं. मला दिसायला लागलं की कोण गप्प बसलाय, कोण गोळ्या मोजतोय, कोण लांबचा वळसा घेतोय. शिरूरच्या टीमचा सुदर्शन तर असा लबाड, की आवाज करायचा एकीकडं आणि निघायचा दुसरीकडं. आबांना दाखवलं तर ते कानाशी कुजबुजले, “समदी पळत्या बैलाकडं बघत्यात. निवेदकानं खाली बघायचं, पुढची गाडी जिथनं सुटणार तिथं.”

फायनलचा दिवस. शिरूरच्या मैदानात मांडव भरून माणसं, पोरंटोरं झाडांवर. मी आतल्या बंद खोलीत, एक पंखा, एक फोन, एक माईक, आणि काचेपलीकडं रविराजदादा व कमिटीतले ते मामा, हाताची घडी घालून. खेळाडू कानाला हेडफोन लावून लांबच्या हॉलमध्ये. हॉलकडं जाताना मल्हार खिडकीवरून गेला. त्यानं माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. शहाणा!

सोळाच्या आठ झाल्या, आठाच्या चार. मी कॅमेरा कुठं कुठं नेला म्हणून सांगू! पुलाखाली, गोदामात, छपरावर… घसा तापला होता आणि शब्द आपोआप येत होते. शेवटी जागा आवळत आवळत मेंढरांच्या एका वाडग्याएवढी उरली आणि माणसं उरली दोन. कासुर्डीचा मल्हार आणि शिरूरचा सुदर्शन.

मल्हार एका दगडाआड. बंदूक रोखलेली, श्वास धरलेला. माझं बोट त्याच्यावर होतं. मला त्याची बोटं ओळखू येत होती, तो नेम कसा अलगद सरकवतो ते पाठ होतं. दोन आठवड्यांपूर्वी मी तिथंच थांबले असते.

मी खाली नकाशाकडं बघितलं. समोरच्या झुडपातनं धूर येत होता, मल्हारचा नेम त्या धुरावर. म्हणजे सुदर्शन तिथं नसणार. मी बोट उचललं… आणि कॅमेरा मल्हारवरून काढला.

“मंडळी, समोर धूर दिसतोय ना? तिथं कुणी नाही! बघा सुदर्शन कुठं निघालाय… गोळ्या संपल्यात गड्याच्या, एकसुद्धा नाही, हातात नुसती कुऱ्हाड! पोटावर सरपटत चाललाय… लांबचा वळसा, उजवीकडनं…”

उजवीकडनं. मल्हार, उजवीकडं बघ. बघ ना रे! पण हे मनात. माईकवर माझा आवाज चढतच गेला.

“…दहा हात… पाच हात… कासुर्डीचा वाघ समोर बघतोय, आणि शिरूरचा बहाद्दर पाठीशी उभा राहिलाय… उचलली कुऱ्हाड… झाऽऽली! भिर्रर्रर्रर्र! गोळीशिवाय फायनल मारली मंडळी, गोळीशिवाय!”

दोन मिनिटांनी बाहेरचा मांडव असा उसळला की खोलीचं तावदान थरथरलं. काचेपलीकडं मामांची हाताची घडी कधी सुटली त्यांचं त्यांनाच कळलं नसावं. ते टाळ्या पिटत होते. रविराजदादा आत आले, नुसते म्हणाले, “पुढच्या सालीबी तूच,” आणि फेट्याच्या टोकानं डोळे पुसत बाहेर गेले.

मी मांडवाच्या दाराशी आले. आबा भेटले. त्यांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला आणि बराच वेळ काढलाच नाही. मला रडू आलं, पण पुरतं रडायला सवड कुठं होती? माझे डोळे गर्दीत एकालाच शोधत होते, आणि तो कुठंच नव्हता.

गाड्या लावल्या होत्या तिकडं मी पळत गेले. साहेब हेल्मेट घालून गाडीवर बसलेले!

“कुठं निघालास?”

“घरी.”

“आणि उत्तर?”

त्यानं हेल्मेटची काच वर केली. “हरलो अपेक्षा. उजवीकडनंच मेलो, तू सांगून सांगून. आता कुठल्या तोंडानं इचारू?”

असा संताप आला म्हणून सांगू! “उत्तर जिंकणाऱ्याला देणार, असं मी कधी म्हणाले होते? मी म्हणाले होते फायनल झाल्यावर. झाली फायनल. हेल्मेट काढ!”

त्यानं मुकाट्यानं काढलं. केस चपटे झालेले, डोळे जरा लाल.

“मी तुझ्यावरून कॅमेरा काढला,” मी म्हणाले. “राग आलाय?”

“मी मेल्यावर हॉलमधनं बाहेर आलो,” तो सावकाश म्हणाला, “तर मांडवात मी अजून जिवंत. लोक कासुर्डी, कासुर्डी वरडत व्हते. मी त्यांच्यात उभा ऱ्हाऊन दोन मिनिटं माझीच मॅच बघितली. मग तू धुराकडनं कॅमेरा फिरवलास, आन् शेजारचा म्हातारा म्हणाला, काय बघती पोरगी, काय बघती!” त्यानं माझ्याकडं बघितलं. “राग कसला? मला वाटलं, असली माणूस… आपल्याला हो म्हणंल व्हय?”

“व्हय,” मी म्हणाले.

“काय?”

“व्हय, व्हय, व्हय! आवडतोस तू मला. गुऱ्हाळावरच सांगणार होते, बारा दिवस तोंडात धरून बसलेय. अजून मोठ्यानं सांगू?”

“नको, सगळं शिरूर ऐकंल.”

“ऐकू दे!”

तो हसला, ह्या वेळी पुरता हसला. त्यानं हात पुढं केला आणि माझं बोट धरलं, कॅमेरा फिरवणारं. इतक्या हलक्या हातानं की मला दुसरं काही सुचेनाच… आणि नेमकं तेव्हाच मागनं खोकल्याचा आवाज आला. आबा!

मल्हारनं हात सोडला. मी सोडला नाही.

“आबा, हा मल्हार कोकरे. कासुर्डीचा. ह्याला मी हो म्हटलंय.”

कोकरे म्हटल्यावर आबा थांबले. आडनाव त्यांनी मनात कुठं कुठं ठेवून पाहिलं असेल, मला ठाऊक आहे. मी नजर खाली घातली नाही. मल्हारनंही नाही. मग आबा जवळ आले आणि त्याच्या कानाशी वाकून कुजबुजले, मला जेमतेम ऐकू आलं.

“तिच्या आईला मी सांगणार न्हाई. तुमचं तुम्ही सांगा. तळेगाववरनं जा… च्या पिऊन.”

“आबा,” मी म्हणाले, “त्याला न्हावऱ्यावरनं सरळ कासुर्डीला जायचंय. तळेगाव त्याच्या वाटेवर नाही.”

“हाय की,” मल्हार घाईनं म्हणाला, आणि गाडीला किक मारली. “वाटंवरच हाय.”